फाळक्यावरचा झेंडा

आमच्या घरातली पहिली पदवी माझी. हे आधीच सांगून टाकते, कारण पुढे जे झालं ते त्या पदवीमुळे झालं. बी.ए. इंग्रजी. पदवीदान समारंभातला माझा फोटो आईने दारासमोरच्या भिंतीवर असा लावला होता, की पोस्टमन आला तरी त्याला आधी तो दिसावा. नोकरी अजून लागली नव्हती. रोज जेवताना आई विचारायची, "काय गो, खंयची जागा निघाली?" आणि मी माशाचे काटे काढत बसायचे.

चतुर्थी होऊन गेली होती. एका सकाळी माझा मामा पेडण्याहून स्कूटरवर आला. मागे एक गोरी मुलगी होती, माझ्यापेक्षा चार-पाच वर्षांनी मोठी. पाठीवर हे एवढं ओझं, पायात चिखलाने भरलेले बूट. किनाऱ्याजवळ मामाच्या भाड्याच्या खोल्या आहेत आणि त्यांत रशियन लोक उतरतात. त्यांच्याशी बोलून बोलून मामाला रशियन येते, म्हणजे खोली, पाणी, चादर आणि मासळी एवढी येते.

"ही रशियन," मामा आईला म्हणाला. "पिक्चर काढता. जयसर कोण येणा नाय असो गाव हिका व्हयो. माका तुमचोच आठवलो."

आमचं गाव डिचोलीकडे, मयेच्या तळ्यापासून फार लांब नाही. तळ्यावर पर्यटक येतात. तिथून आमच्यापर्यंत कुणीही येत नाही, मामाचं काही चुकलं नव्हतं. पण हे तोंडावर ऐकायला कुणाला आवडतं? आईने त्याला चहा अर्धाच दिला.

मुलगी मात्र 'रशियन' या शब्दावर ताठ झाली. "मी लात्वियाची," ती मला इंग्रजीत म्हणाली. "प्लीज, यांना सांगाल? मी यांना रोज सांगते."

मी सांगितलं. मामा म्हणाला, "ता रशियातच इला."

मग तिने बाल्कांवच्या, म्हणजे पुढच्या ओसरीच्या, बाकावर बसून समजावलं आणि मी मराठी केलं. देश लहान, समुद्रकाठचा. रशियावाले आले आणि पन्नास वर्षं गेलेच नाहीत. ते गेले, त्यानंतर हिचा जन्म. रशियन बोलता येते, कारण गावच्या बाजारात ती बोलायचे. भाषा येते म्हणून आपण त्यांच्या होत नाही.

आई तांदूळ निवडत ऐकत होती. तिचं माहेर पेडण्याचं. तिचे वडील पोर्तुगिजांच्या काळात वाढलेले, त्यांना पोर्तुगीज चांगली यायची. गोऱ्या पोर्तुगिजाला आमच्याकडे पाकलो म्हणतात. ती मामाला म्हणाली, "आमच्या बापाशीक कोण पाकलो म्हणालो असतो तर तेणी काय केला असता?"

"दांडो काडलो असतो," मामा म्हणाला.

"मगे परत हिका रशियन म्हणा नको."

मामाने मान डोलावली. त्यानंतर तो तिला कायम 'ती रशियन नसलेली' म्हणायचा. तिचं खरं नाव आमच्यात कुणालाच धड म्हणता आलं नाही. आईने पहिल्याच दिवशी 'बाय' म्हणायला सुरुवात केली. मलाही ती बायच म्हणते. त्यामुळे हाक आली की आम्ही दोघी उठायचो.

ती आमच्या मागच्या खोलीत राहिली. सकाळी पोदेर, म्हणजे पाववाला, सायकलचा भोंगा वाजवत यायचा, त्याच्याकडून ती गरम पोई घ्यायची आणि नुसतीच खायची. कोंड्याच्या वासाने तिला त्यांच्याकडच्या काळ्या पावाची आठवण यायची. तिची सगळी हकिगत मी अशाच सकाळी ऐकली, आणि तिथल्या तिथे आईला सांगितली, कारण आई मला उठूच द्यायची नाही.

तिचे वडील सरकारी शेतीवर दुधाचा ट्रक चालवायचे. राज्य बदललं, सरकारी शेती मोडली, ट्रक घरामागे बर्चच्या झाडाखाली येऊन थांबला. वडील आयर्लंडला कारखान्यात कामाला गेले. आमच्याकडचे लोक पोर्तुगीज पासपोर्ट काढून लंडनला जातात, तसंच. पुढे ट्रक भंगारात गेला. ती तेव्हा शाळेत होती, कॅमेरा नव्हता. आई मासे डब्यात भरायच्या फॅक्टरीत. मुलीने राजधानीत, रीगाला, जाऊन सिनेमाचं शिक्षण घेतलं. त्यांच्याही घरातली ती पहिलीच शिकलेली, हे कळल्यावर मी तिला माझा फोटो जवळून दाखवला.

"थंयसर आई पण भायर कामाक जाता मां?" आईने विचारलं. मी हो म्हटलं. "म्हणान शिकली," आई म्हणाली. विषय संपला.

तिने एक छोटा सिनेमा केला होता. आदल्या वर्षी पणजीच्या महोत्सवात तो दाखवला, त्यासाठीच ती पहिल्यांदा गोव्यात आली होती. एका संध्याकाळी लॅपटॉपवर तिने तो आम्हांला दाखवला. बर्फातला बसथांबा. एक म्हातारी पिशवी घेऊन बसली आहे. बसली आहे. अजून बसलीच आहे.

"बस कधी येतली?" आईने विचारलं.

"येवची नाय," मी म्हटलं. "बंद झाली ती. तोच पिक्चर."

"मगे ती बसली कित्याक?"

मी हे भाषांतर करून विचारलं. मुलगी म्हणाली, आमच्याकडच्या परीक्षकांनीही हेच विचारलं होतं, फक्त मोठ्या शब्दांत.

आता तिच्यापुढे मोठा सिनेमा होता, पहिलाच. वसंतात रीगाला एक समिती तोवर घेतलेला, जुळवलेला सिनेमा बघणार होती. पसंत पडला तर पुढचे पैसे, नाहीतर सिनेमा तिथेच मोडला. आणि तिच्या आईने फॅक्टरीच्या ऑफिसात तिच्यासाठी एक जागा धरून ठेवलेली. दर फोनवर आई सांगायची, जागा अजून रिकामी आहे हं.

"हे मला इथेही ऐकू येतं," मी म्हटलं. आम्ही दोघी हसलो. पण फोन ठेवल्यावर ती पोई अर्धी टाकून उठायची.

तिच्या आईने भरलेला डबा तिने आम्हांला दिला होता. तेलातले धुरावलेले छोटे मासे, झाकणावर सोनेरी अक्षरं. पावावर ठेवून खायचे, असं तिने सांगितलं. आईने डबा उघडून वास घेतला, म्हणाली, "तारलेच हत. करपलेत थोडे." आणि खोबरं, सोलं म्हणजे आमसुलं घालून त्यांचं तिखलं, म्हणजे तिखट कालवण केलं. मुलीने ते ताटात पाहिलं तेव्हा तिचा चेहरा बघण्यासारखा होता. मग तिने दोनदा भात घेतला. आणि तिच्या आईला त्याचा फोटो पाठवला. तिकडून उत्तर आलं ते तिने मला कधी सांगितलं नाही.

आता ट्रकचं. तिने आमच्या घरी राहायचं ठरवलं ते माझ्या इंग्रजीमुळे असं मला वाटत होतं. ते ट्रकमुळे होतं.

माझे बाबा सावंतवाडीकडचे. तरुणपणी इकडे खाणीवर ड्रायव्हर म्हणून आले, मग हप्त्याने स्वतःचा टिपर घेतला. खाणीतून माल भरायचा, धक्क्यावर ओतायचा. खाणी बंद झाल्या तेव्हा तो टिपर घरामागे फणसाखाली उभा राहिला, तो राहिलाच. केबिनवर भोपळ्याचा वेल चढला. बोनेटवर आई सोलं वाळत घालायची. ड्रायव्हरच्या शेजारच्या सीटवर कोंबडी अंडी घालायची, आणि अंडी आणायला आम्ही दार उघडायचो ते कुरकुरत उघडायचं. बाबा आता डिचोलीच्या बाजारात एका दुकानात मापाडी होते. पण रोज सकाळी चहाचा कप घेऊन ते ट्रकमध्ये चढायचे, आरसा पुसायचे, कोंबडीच्या शेजारी बसून पेपर वाचायचे आणि मग कामाला जायचे.

मुलीने हे पहिल्या सकाळी खिडकीतून पाहिलं आणि चप्पल न घालता धावत बाहेर आली. हाच सिनेमा, ती मला म्हणाली. थांबलेला ट्रक आणि त्यात रोज बसणारा माणूस.

आमच्या लोकांना काय, फोटो काढायचा म्हणजे तयार व्हायचं. तिला नेमकं उलट हवं होतं. 'नेहमीसारखं' हा शब्द मी त्या दिवसांत जेवढा वापरला तेवढा आयुष्यात वापरला नाही. आई मासे कापते ते तिला घ्यायचं होतं. आई काठापदराची साडी नेसून, मंगळसूत्र पदरावर आणून, विळीवर बसली.

"नेहमीसारखं," मी म्हटलं.

"नेहमीसारखाच कापतंय मी. मासो तोच आसा."

शेजारीण आमच्याकडे विरजण मागायला यायची, ती पावडर लावून आली. आणि कॅमेऱ्याकडे बघत म्हणाली, "मी विरजण मागूक इलंय." मुलीने हळूहळू उपाय काढला. ती कॅमेरा लावून ठेवायची आणि लोक कंटाळेपर्यंत काहीच करायची नाही. आई शेवटी मॅक्सीवर आली, खांद्यावर टॉवेल. मुलगी आनंदाने माझा हात दाबून दुखवायची.

बाबा मात्र पहिल्यापासून सोपे होते. ते सकाळी लुंगीवर जाऊन बसायचे. कॅमेऱ्याकडे बघायचे नाहीत. तिला वाटलं, हा माणूस जन्मजात नट आहे. मला माहीत होतं, की बाबांना वाटतंय ही मुलगी अजून तयारी करते आहे. खरा फोटो पुढे आहे.

दसऱ्याच्या आधी तिला व्हिसाच्या कामाला पणजीला जावं लागलं. तिथून वास्कोला कुणा ओळखीच्याकडे थोडे दिवस राहून येणार होती. ती निघाली तेव्हा बाबांनी मला विचारलं, "ह्या पिक्चर खंय दाखवतली?"

"तिच्या देशात. मग आणखी देशांत."

"आणि गाडी दिसतली?"

"गाडीचोच पिक्चर आसा, बाबा."

बाबा उठून ट्रकभोवती एक चक्कर मारून आले. दुसऱ्या दिवशी दुकानातून सुट्टी घेतली.

आमच्याकडे खंडेनवमीला हत्यारं, यंत्रं, गाड्या धुऊन पुजतात. खाणी चालू होत्या तेव्हा गावातले सगळे टिपर रांगेत उभे असायचे, रोजांच्या माळा घातलेले. रोजां म्हणजे झेंडू. ट्रक थांबल्यावर बाबा फक्त स्टिअरिंगला एक फूल लावायचे. त्या वर्षी त्यांनी वेल मुळापासून काढला. भोपळ्याच्या फुलांची आईने भजी केली, कोवळ्या पाल्याची भाजी. कोंबडीला खुराड्यात नेलं, ती परत आली, पुन्हा नेलं. बाबांनी गंज घासला. पूर्वी ट्रक रंगवणारा पेंटर आता दुकानांच्या पाट्या रंगवायचा, तो स्वतःहून ब्रश घेऊन आला. केबिन पिवळी, बाजू निळ्या, चाकांच्या नटांना चंदेरी. मी काय करत होते? मी वास्कोला फोन लावत होते. तो लागत नव्हता. बाबांना म्हटलं, "तिका जुनीच व्हयी." ते म्हणाले, "ता लाजता म्हणान सांगणा नाय."

मागच्या फाळक्यावर पूर्वी 'आईचा आशीर्वाद' होता. तो पेंटरने पुन्हा काढला. खाली जागा उरली. त्याने मला विचारलं, "तिच्या देशाचो झेंडो कसो?"

मी सांगितला. काळपट लाल, मधे पांढरा पट्टा. विचारलं त्याचं बरोबर उत्तर द्यायची मला सवय आहे. त्याने तो काढला, आणि चांगला काढला.

ती नवमीच्या सकाळी परतली. मी बसथांब्यावर जाऊन वाटेतच सांगणार होते, पण ती मामाच्या स्कूटरवरून आली, दुसऱ्या रस्त्याने. मामा पुढून ओरडला, "बघ गो, काय गाडी केली." ती उतरली. ट्रककडे बघितलं. बाबा इस्त्रीचा शर्ट घालून बाजूला उभे होते, मालक नवीन घर दाखवतो तसे. ती गोल फिरून मागे गेली. फाळका पाहिला. मग बाल्कांवच्या पायरीवर बसली.

आईने चहा दिला. तिने तो हातात धरला.

"काय म्हणता ती?" बाबांनी मला विचारलं.

"अजून काय नाय."

मग ती मला इंग्रजीत म्हणाली, अगदी हळू. सगळा सिनेमा गंजाचा आहे. वेलाचा आहे. शेवट अजून घेतलेला नाही, आणि ज्याचा शेवट घ्यायचा ते आता नाही. समितीला काय दाखवू? अर्धा ट्रक? आणि शेवटी म्हणाली, "आईला फोन करते. जागा रिकामी आहे."

"काय म्हणता?" बाबा.

मी गोड करून सांगणाऱ्यांतली नाही. मी होतं तसं सांगितलं. तिला गंजलेलीच हवी होती बाबा, आता तिचा पिक्चर मोडला.

बाबांचं तोंड उतरलं. नंतर ते जे बोलले ते माझ्याकडे बघून नाही, तिच्याकडे बघून बोलले, जणू तिला मालवणी येते.

"गंजलेली गाडी घेवन तू माका परदेशात उभो करतलंस? लोक बघतले आणि म्हणतले, ह्या ड्रायव्हराक गाडी ठेवूक येणा नाय. जलमभर गाडी चलवलंय. एक दिस मळकी घेवन खाणीर गेलंय नाय. गाडी बंद पडली ती माझ्यामुळे नाय. मळकी रवली ती माझ्यामुळे. ता मी त्यांका कशाक दाखवू?"

मी भाषांतर केलं. माझ्या इंग्रजीचा त्या दिवशी कस लागला; 'मळकी'ला मी थोडं अडखळले. ती ऐकत राहिली. चहा खाली ठेवला, पाठीवरचं ओझं उघडलं, कॅमेरा काढला.

"त्यांना हे परत बोलायला सांग."

मी सांगितलं.

"एकदा बोललंय," बाबा म्हणाले. "आता पूजेचो वेळ झालो."

ते खरंच परत बोलले नाहीत, आजतागायत. पण पूजा करायला ते थांबणार नव्हते, आणि ती कॅमेरा खाली ठेवणार नव्हती. आईने पैठणी नेसली. तिला कुणी 'नेहमीसारखं' म्हटलं नाही. शेजारीण पावडर लावून आली, तीही तशीच राहिली. बाबांनी नारळ फोडला, चाकांखाली लिंबं ठेवली. आता लिंबावरून गाडी पुढे गेल्याशिवाय पूजा पुरी होत नाही. आणि गाडी इतकी वर्षं हललेली नव्हती.

मामाने कुणाच्या तरी टेम्पोची बॅटरी आणली. बाबा चढले. सेल मारला, नुसता खोकल्यासारखा आवाज. पुन्हा मारला. फणसावरचे कावळे उडाले, आणि ट्रकने असा काळा धूर सोडला की पैठणीसकट आई दिसेनाशी झाली. लिंबं चिरडली. ट्रक हलला. आमच्या वाड्यातली शेंबडी पोरं फणसामागे पळाली.

"देवळापर्यंत नेवन येतंय," बाबा खिडकीतून म्हणाले.

मुलगी धावत जाऊन बाबांच्या शेजारी चढली, आणि लगेच किंचाळली, कारण सीटवर कोंबडी होती. ती कशी परत आली होती देव जाणे. देवळापर्यंत ती तिघंच गेली. आम्ही मागून चालत. देवळासमोर दार उघडलं तेव्हा कोंबडी आधी उतरली, भटजींच्या पायांतून निघाली, तिला धरायला अर्धा गाव लागला.

परतताना चढावावर डिझेल संपलं. बाबांनी टाकीत थोडंच घातलं होतं, आणि ते लिंबांपुरतं. मग आम्ही सगळ्यांनी ढकलला. पैठणी, काठापदर, पांढरे शर्ट, पेंटर, मामा, नवीन सँडल हातात घेतलेली मी. बाबा स्टिअरिंगवर ताठ बसलेले, हॉर्न देत, रिकाम्या रस्त्यावर. ती आमच्या मागे उलटी-सुलटी धावत होती, कॅमेरा खांद्यावर. आईने तिला हाक मारली, "बाय, ता ठेव आणि हात लाव." मी भाषांतर केलं नाही. तो एकच निरोप मी तिच्यापर्यंत पोचवला नाही.

तो सिनेमाचा शेवट झाला. समितीने बघितला. त्यांचा आक्षेप एकाच गोष्टीला होता: भारतातल्या ट्रकवर आपला झेंडा कसा? परीक्षकांना खूश करायला बाईंनी मुद्दाम रंगवून घेतला, हे फार उघड आहे, असं एकजण म्हणाला म्हणे. "सगळ्या सिनेमात मी हात लावला नाही अशी तेवढी एकच गोष्ट आहे," असं तिने त्यांना सांगितलं. आमच्या पेंटरची गोष्ट सांगितली. ते हसले, आणि पैसे मिळाले.

पुढच्या महोत्सवात पणजीला तो दाखवला. गावाने खासगी बस केली. काळोखात बाकीचे प्रेक्षक गंभीर बसलेले, आणि आमची माणसं जिथे भांडं दिसेल तिथे, "ती माझी कळशी," म्हणत होती. बाबा पूर्ण वेळ पाठ टेकून बसले नाहीत. बाहेर आल्यावर ती त्यांच्यासमोर उभी राहिली, परीक्षेचा निकाल ऐकायला उभं राहावं तशी.

"हॉर्न बारीक ऐकाक येता," बाबा म्हणाले. "बाकी बरा केलंस."

मला नंतर हायस्कूलात नोकरी लागली. आई आता जागेचं विचारत नाही, दुसरं विचारते, ते इथे नको. मुलगी आणखी सिनेमे करत राहिली. गेल्या वर्षी तिने तिचा नवा सिनेमा मला पाठवला, तिच्या आईवरचा, फॅक्टरीतला. आई आणि मी रविवारी बसून बघितला. पांढरे डगले, पांढऱ्या टोप्या, पट्ट्यावरून सरकणारे मासे. आणि टोप्यांखालून सगळ्या बायकांचे केस पार्लरमध्ये कुरळे केलेले, ओठ लालभडक. मधे तिची आई, कानांत अंबरच्या पिवळ्या मण्यांचे डूल, लग्नाला निघाल्यासारखी, मासे डब्यात रचते आहे.

"कॅमेरो येतलो ता ह्यांका आदी कळला होता," आई म्हणाली. तिला कळायला भाषांतर लागलं नाही.

शेवटी शेवटी तिची आई मासे रचता रचता वर बघते आणि थेट कॅमेऱ्याला काहीतरी बोलते. खाली इंग्रजी अक्षरं येतात.

"काय म्हणता?" आईने विचारलं.

"ऑफिसातली ती जागा भरली म्हणता. दुसऱ्या कोणाक तरी दिली."

"बरा झाला," आई म्हणाली, आणि तिखलं उतरवायला आत गेली.